घटकेचा डोंगर: एक खोटा डोंगर उभा करताना

जानेवारीत भाच्याचा वाढदिवस होता आणि ताईने मला काम लावलं की केक कापून झाला की पोरांना तासदीडतास गुंतवून ठेव, मोबाईल द्यायचा नाही. मी बरीच वर्षं मित्रांबरोबर फाश्यांचा गोष्टीचा खेळ खेळतो, म्हणजे एक जण गोष्ट सांगतो, बाकीचे त्यातली पात्रं होतात, काय करायचं ते ज्याचं त्याने ठरवायचं आणि जमलं की फसलं ते वीस बाजूंचा फासा सांगतो. म्हणलं हेच करू. आदल्या रात्री अकराला बसून एक जादूचा डोंगर रचला, जिथे वेळ विचित्र वागते. एका वळणावर सकाळ तर पुढच्या वळणावर संध्याकाळ, झाडाखाली बसलं की म्हातारपण, झऱ्याचं पाणी प्यायलं की परत लहान, गुहेत शिरलं की कालचाच दिवस पुन्हा सुरू. मला तर फारच भारी वाटलं होतं ते, झोप पण नीट लागली नाही.

पंचवीस मिनिटांत वाट लागली. भाच्याच्या वर्गातली एक मुलगी, दहा वर्षांची असेल, तिने मला विचारलं, "मामा, म्हणजे इथे काहीपण होऊ शकतं का?" मी आपला खुशीत म्हणलं हो ना, काहीपण! "मग आम्ही ठरवून काय उपयोग?" असं म्हणून ती उठली आणि वेफर्सच्या बशीकडे गेली, आणि तिच्यामागे बाकीचे पण गेले. वाढदिवसाला आलेले सगळे मला मामाच म्हणतात त्यामुळे अपमान पण घरच्यासारखाच झाला.

पण प्रश्न बरोबर होता तिचा. तोच डोक्यात राहिला आणि मे महिन्याच्या सुट्टीत सोसायटीच्या शिबिरात पाच संध्याकाळी मला मिळाल्या तेव्हा ठरवलं की तोच डोंगर परत करायचा पण धड करायचा. खाली लिहिलंय ते सगळं त्या मधल्या चार महिन्यांतलं आणि शेवटच्या पाच दिवसांतलं.

आधी आपल्याकडच्या गोष्टी परत आठवून बघितल्या. मुचकुंद राजा, देवांसाठी लढून दमलेला, डोंगरातल्या गुहेत झोपला तो झोपलाच. कृष्णाने कालयवनाला पळवत पळवत त्या गुहेत नेलं, त्याने कृष्ण समजून झोपलेल्याला लाथ घातली आणि मुचकुंदाच्या नजरेने जळून गेला. हे सगळ्यांना माहीत असतं. पण त्याच्या पुढचा बारीक भाग मी विसरलो होतो, मुचकुंद गुहेबाहेर येतो तर माणसं, जनावरं, झाडं सगळंच त्याला लहान दिसतं आणि त्यावरून तो ओळखतो की कलियुग लागलं. कोणी त्याला तारीख सांगत नाही! दुसरी गोष्ट ककुद्मी राजाची, तो मुलीसाठी, म्हणजे रेवतीसाठी, स्थळ विचारायला थेट ब्रह्मदेवाकडे जातो, तिथे गाणं चालू असतं म्हणून थोडा थांबतो, आणि गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून सांगतात की तुझ्या मनातली सगळी स्थळं कधीच गेली, खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. मग रेवती बलरामाला दिली, आणि ती आधीच्या युगातली म्हणून एवढी उंच की त्याने नांगर लावून तिला खाली ओढून बेताची केली. हे मला लहानपणी गंमत वाटायचं, आता वाटतं की मुलीला कोणी काही विचारलंच नाही, पण असो. आणि चीनमध्ये एक डोंगर आहे, लांकेशान, नावाचा अर्थच कुजलेल्या दांड्याचा डोंगर. लाकूडतोड्या वर जातो, दोन जण पटावर खेळत बसलेले असतात ते बघत उभा राहतो, आणि डाव संपल्यावर कुऱ्हाड उचलायला जातो तर दांडा कुजून गेलेला.

तिन्ही गोष्टींत विचित्र गोष्ट एकच आहे. वर थोडा वेळ, खाली खूप. बस. आणि ते कळतं कशावरून, तर एका साध्या वस्तूवरून. माझ्या वहीत सात विचित्र गोष्टी होत्या आणि वस्तू एकही नव्हती.

मग फेब्रुवारीत हरिश्चंद्रगडावर गेलो. खोटा डोंगर करायला खरा कशाला बघायचा असं बायको म्हणाली, पण काळाशी खेळ झालेला डोंगर आपल्याकडे कुठला म्हणलं तर हाच. पाचनईत उतरलो, अकोले तालुका, नगर जिल्हा, आता अहिल्यानगर. रात्री ज्यांच्या घरी मुक्काम होता त्या मामांना विचारलं की वर जायला किती वेळ लागतो. "हे काय, अर्धा-पाऊण तास." सकाळी साडेपाचला निघालो आणि देवळापाशी पोचलो तेव्हा आठ वाजून गेले होते. सह्याद्रीत फिरणाऱ्या प्रत्येकाला हा अर्धा-पाऊण तास माहीत आहे! मामा खोटं बोलत नव्हते, त्यांना तेवढाच लागतो.

देवळाच्या जवळच केदारेश्वराची गुहा आहे. आत मोठी पिंड, सगळीकडून कंबरभर पाणी आणि त्या पाण्यात पूर्वी चार खांब होते. आता तीन तुटलेत, एकच धड उभा आहे. लोक सांगतात की चार खांब म्हणजे चार युगं, एकेक युग संपलं तसा एकेक खांब तुटला आणि हा शेवटचा कलियुगाचा, हा पडला की संपलं. मी पाण्यात उतरलो, पाणी इतकं गार की पहिली दोन मिनिटं पायांना ठणका आणि मग पाय आहेत की नाहीत तेच कळेना. त्या एका खांबाला हात लावावासा वाटत होता पण लावला नाही, उगाच. माझ्याबरोबर आत एक कॉलेजचा ग्रुप होता, त्यातला एक पोरगा खांबाकडे बघून म्हणाला, "ए धक्का नको मारू, सोमवारी पेपर आहे, पडला तर बरंच होईल पण नको." सगळे हसले, पण खांबापासून जरा लांबूनच गेले सगळे, मी नीट बघत होतो. मला डोंगर बनवायचा तर असा, जिथे हसतात पण अंतर ठेवून चालतात.

आणि चांगदेव. चौदाशे वर्षं जगलेले योगी, मरणाची वेळ आली की योगबळाने ती चुकवायचे अशी कथा. 'तत्त्वसार' त्यांनी इथेच लिहिलं, शके १२३४, म्हणजे इसवी सन १३१२. त्या चांगदेवांचं कोरं पत्र पुढे कामाला आलं, सांगतो.

गडावरच्या टपरीत पिठलं-भाकरी खाऊन कोकणकड्यावर गेलो, पोटावर झोपून खाली डोकावलो, कडा आतल्या बाजूला वाकलेला असल्यामुळे आपल्या खाली नुसती हवा. वहीतलं एक पान फाडून सोडलं तर ते खाली जायच्या ऐवजी वाऱ्याने वर आलं आणि माझ्या डोक्यावरून मागे गेलं. (मग ते शोधून खिशात घातलं, कचरा नको.) तिथे बसून थोडं गणित केलं. डोंगरावर वेळ खरंच वेगळी चालते, आइनस्टाइनच्या हिशोबाने. जितके उंच तितका काळ जरासा भरभर. गड साधारण १४२४ मीटर धरला तर समुद्रकाठच्या माणसापेक्षा वरचा माणूस दिवसाला तेरा-चौदा नॅनोसेकंद (सेकंदाचा अब्जावा भाग) पुढे, अख्खं वर्ष काढलं तर पाच मायक्रोसेकंद (दशलक्षावा भाग). हे नुसतं कागदावर नाही, अमेरिकेत २०१० साली दोन अणुघड्याळांत उंचीचा तेहतीस सेंटीमीटरचा फरक ठेवून मोजलंय, म्हणजे जिन्याच्या दोन पायऱ्या. आणि २००५ मध्ये तिकडच्याच एका हौशी माणसाने घरातली तीन सिझियमची अणुघड्याळं आणि स्वतःची पोरं गाडीत घातली आणि दोन रात्री माउंट रेनियरवर काढल्या, घरी येऊन बघितलं तर डोंगरावरची घड्याळं वीस-बावीस नॅनोसेकंद पुढे. पोरांबरोबर तेवढा वेळ जास्त मिळाला. वेडा माणूस, मला फार आवडला.

गंमत म्हणजे त्याच डोंगरावर आजोबांच्या काळचं लोलकाचं घड्याळ नेलं तर ते उलट मागे पडेल, आणि चांगलं दिवसाला दहा-वीस सेकंद, कारण वर गुरुत्वाकर्षण किंचित कमी आणि लोलक आळसावतो. एक पुढे एक मागे. पण यातला लोलक नुसता फसतो, काळ बदलतो तो दुसऱ्यात.

इथे मी बरेच दिवस अडकलो. विज्ञान सांगतं वर काळ भरभर, पुराणं सांगतात वर काळ हळू. कुठला घ्यायचा? भाच्याला फोन केला तर तो म्हणाला भरभरवाला घे मामा, वर जाऊन महिनाभर अभ्यास करायचा, खाली आलं तर अजून आदली रात्रच. त्याचं बरोबर आहे पण मग त्या डोंगराचा त्रास कोणाला? वर जाणाऱ्याचा फायदाच फायदा, खालच्यांना तर तो गेल्याचं पण कळणार नाही. हळूवाल्या डोंगरावर गेलेल्याला काही कळत नाही, खाली थांबलेल्याला सगळं कळतं. म्हणून हळूवाला घेतला. आणि खेळात अर्ध्या पोरांना खाली ठेवायचं ठरवलं.

किती हळू? त्याचं उत्तर आजीच्या बोलण्यातून निघालं. तिच्या लग्नात मुहूर्ताला घटिकापात्र ठेवलं होतं, तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटं. अशा साठ घटकांचा दिवस. मग नियम आपोआप झाला: वर एक घटका, खाली एक दिवस. वर एक दिवसरात्र काढली की खाली साठ दिवस, म्हणजे बरोबर एक ऋतू. वैशाखात वर जा, एक मुक्काम करा, खाली याल तेव्हा पावसाळा लागलेला. सहा दिवस म्हणजे एक वर्ष. हे जुळल्यावर मी गच्चीत एकटाच हसलो.

डोंगरमाथ्यावर एक टाकं, त्यात कायम एक वाटी बुडते आणि परत वर येते, एवढीच खूण. नाव घटकेचा डोंगर. आणि खेळताना खरीच वाटी हवी म्हणून उद्योग सुरू झाला. स्टीलच्या वाटीला भोक पाडून देतो म्हणणाऱ्या दुकानदाराने एवढं मोठं भोक पाडलं की ती दोन मिनिटांत तळाला. मग अर्धा किलो श्रीखंडाचा प्लास्टिकचा डबा घेतला, सुई मेणबत्तीवर तापवून भोक पाडलं, तर आता डबा हलका, अर्धा भरून नुसता तरंगत राहायचा. आत पाच रुपयांची नाणी टाकत गेलो, भोक जरा जरा वाढवत गेलो. सहाव्या डब्याला एकोणीस मिनिटं आली, सातव्याला तेवीस मिनिटं चाळीस सेकंद आणि मी तिथेच थांबलो. घरात एवढं श्रीखंड संपवायची जबाबदारी पण माझ्यावरच आली.

दुसरी वस्तू म्हणजे रोज एक पान फाडायची दिनदर्शिका. शेजारपाजारच्यांकडून गेल्या वर्षांची तीन-चार जाडजूड पॅड गोळा केली, कोणी फाडतच नाही हल्ली, कोरी करकरीत मिळाली. डबा बुडाला की खालच्या पोरांनी एक पान फाडायचं.

मेमध्ये क्लबहाउसमध्ये सहा पोरं, तिघं डोंगरावर, तिघं गावात, मध्ये पाण्याची बादली. गोष्ट साधी, आजी आजारी, औषधाची मुळी फक्त माथ्यावर मिळते, भाऊ ती आणायला जातो, बहीण खाली. भाऊ झाला माझा भाचा आणि बहीण झाली तीच वेफर्सवाली मुलगी. मी मुद्दाम बोलावलं होतं तिला.

पहिल्या संध्याकाळी पोरांनी नियमाच्या चिंध्या केल्या आणि हा भाग मला सगळ्यात आवडला. एक अकरा वर्षांचा मुलगा म्हणाला, बँकेत एफडी करायची आणि वर जाऊन बसायचं. सात टक्क्यांनी दहा वर्षांत दुप्पट होतात, म्हणजे वर फक्त दोन महिने काढायचे! त्याचे बाबा सीए आहेत. त्यावर दुसरी म्हणाली, "पण तेव्हा वडापाव पण साठ रुपयांना असेल ना." मग एकाने विचारलं, मामा, वर चोवीस मिनिटांत खालचा दिवस जातो तर वरून सूर्य कसा दिसेल? मी गप्प. मी चार महिन्यांत हा विचारच केला नव्हता! वर बसलेल्याला बारा मिनिटं दिवस, बारा मिनिटं रात्र, सूर्य म्हणजे कोणीतरी झेल द्यावा तसा या टोकाहून त्या टोकाला. आणि झोपणार कसं? तिथल्या तिथे ठरलं की माथ्यावर कायम धुकं असतं आणि ते उजळतं-मावळतं, उजळतं-मावळतं, खराब ट्यूबलाइटसारखं. ट्यूबलाइट पोरांची, माझी नाही. मग हाक मारण्याचं निघालं. खालून "दादा" अशी हाक मारली तर वर डासाच्या गुणगुणीसारखी पोचेल आणि वरून दिलेली ओ खाली नुसती घरघर. आणि एक पाय हद्दीच्या आत एक बाहेर असेल तर रक्ताचं काय होईल, यावर तर दहा मिनिटं भांडण झालं. शेवटी हद्द काढूनच टाकली, पायरी पायरीने काळ हळू होत जाईल असं केलं. तेहतीस सेंटीमीटरवाले आठवले.

दुसऱ्या दिवशी वरचे तिघं म्हणाले की दमलो, झोपतो आठ तास. मी म्हणलं झोपा. आठ तास म्हणजे वीस घटका. खालच्या तिघांना म्हणलं वीस पानं फाडा, एकेक करून. पहिली तीन-चार हसत फाडली. मग फक्त फर्र, फर्र असा आवाज, आणि वरचे तिघं बघतायत. बाराव्या-तेराव्या पानाला भाचा म्हणाला, "बास, उठलो आम्ही, उठलो." पण फासा आधीच टाकून झाला होता, झोप गाढ लागली होती. वीस पूर्ण झाली. त्यानंतर डोंगरावर परत कोणी झोपायचं नाव काढलं नाही.

पण पुढे फाश्याने दगा दिला, मुळी सापडेना, पाय मुरगळला, भाच्याला वर एकूण आठ दिवस काढावे लागले. चारशे ऐंशी पानं. एक अख्खं पॅड आणि वर एकशे पंधरा. ती एकेक करून फाडली नाहीत, नुसता गठ्ठा काढून बहिणीच्या पुढ्यात ठेवला. गोष्टीत भाऊ बहिणीपेक्षा सव्वा वर्षाने मोठा होता. एफडीवाल्याने लगेच हिशोब केला, आता बहीण भावापेक्षा पंधरा-सोळा दिवसांनी थोरली.

पुढचा पाऊण तास मी काहीच केलं नाही, पोरंच बोलत होती. तिने त्याला आता दादा म्हणायचं का? त्याने तिला ताई म्हणायचं? भाऊबीजेला कोण कोणाला नमस्कार करणार? "ती मला अगं म्हणू देणार का पण" असं भाचा खरंच काळजीने म्हणाला. मी साठ पटीचा डोंगर केला, प्रकाश, आवाज, एफडी सगळं झालं, पण पोरांना तो खरा वाटला तो इथे. आपल्याकडे कोण मोठं ते ठरल्याशिवाय साधी हाक मारता येत नाही.

तेव्हा त्यांना चांगदेवांची गोष्ट सांगितली. चौदाशे वर्षांचे चांगदेव ज्ञानेश्वरांना पत्र लिहायला बसतात आणि मायन्यातच अडतात, वयाने लहान म्हणून चिरंजीव लिहावं की ज्ञानाने मोठे म्हणून तीर्थरूप? शेवटी कोराच कागद पाठवतात. मुक्ताबाई तो बघून म्हणते, चौदाशे वर्षं जगून कोरेच राहिलात. आणि ज्ञानेश्वर उत्तर म्हणून पासष्ट ओव्या लिहितात. मायना म्हणजे काय हे मात्र आधी समजवावं लागलं, व्हॉट्सॲपला मायना नसतो.

शेवटच्या दिवशी बहिणीला वर पत्र पाठवायचं होतं. तिने आधी 'दादा' लिहिलं, खोडलं, मग भाच्याचं नाव लिहिलं, ते पण खोडलं, मग कागदाची वरची पट्टीच फाडून टाकली. खाली लिहिलं होतं ते मी मोठ्याने वाचलं. "आजी बरी झाली. औषध शेजारच्या गावात मिळालं, तू गेल्यावर चार दिवसांनी. तुझ्या वाटणीचा लाडू डब्यात ठेवला होता, त्याला बुरशी आली म्हणून टाकला. हळू उतर."

भाचा बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "चार दिवसांनी म्हणजे मला तेव्हा वर पोचून जेमतेम दीड तास झाला होता."

"शहाण्णव मिनिटं," एफडीवाला म्हणाला.

बादलीत डबा बुडाला आणि सवयीने कोणीतरी एक पान फाडलं. तेवढ्यात वॉचमनकाका हॉल बंद करायला आले, पावणेसात झाले होते.